अम्मींची कढई आणि हनोईचा मासा

डिसेंबरच्या सुट्टीत व्हिएतनामला जायचं ठरलं, तेव्हा आमच्या घरात सगळ्यात आधी भरली गेली ती खाण्याची बॅग. चिवडा, खजूर, नानखटाई, सुकी चटणी, खाकरे आणि अम्मींच्या हट्टापायी अर्धा किलो आमसुलंसुद्धा. "परक्या मुलखात पाण्यात टाकून प्यायला तरी होतील," असं त्यांचं म्हणणं. अम्मी म्हणजे ह्यांच्या आई. वय अडुसष्ट, शुगरची गोळी रोजची, आणि आयुष्यात पहिल्यांदाच हज सोडून दुसऱ्या कारणासाठी विमानात बसलेल्या. आम्ही दोघं, आमची बारा वर्षांची लेक आणि अम्मी, असे चौघं मुंबईहून थेट विमानाने हनोईला उतरलो.

पहिल्याच संध्याकाळी गडबड झाली. हॉटेलजवळच्या एका छोट्या खानावळीत आम्ही "डुक्कर नको, भाज्यांचे नूडल्स द्या" असं खुणेने आणि मोबाईलवर लिहून सांगितलं. मुलीने हसून मान डोलावली. वाडगे आले. ह्यांनी दोन-तीन चमचे रस्सा घेतला असेल, तेवढ्यात लेकीने मेनूकार्डाचा फोटो काढून त्याचं भाषांतर केलं आणि ती गप्पच झाली. रस्सा डुकराच्या हाडांचा होता. त्या मुलीने फसवलं नव्हतं. तिच्या हिशोबाने वाडग्यात डुकराचा तुकडा नव्हता, म्हणजे डुक्कर नव्हतंच.

नकळत झालेल्या चुकीची पकड नाही, हे आम्हा सगळ्यांनाच ठाऊक होतं. ह्यांनी चुळा भरल्या, तौबा केली, विषय संपला. पण अम्मींसाठी तो संपला नाही. त्या दिवसापासून त्यांनी बाहेरचा एक घासही घेतला नाही. हॉटेलच्या नाश्त्याला उकडलेलं अंडं दिलं तर म्हणाल्या, "कुठल्या भांड्यात उकडलंय ते तू पाहिलंस का?" आम्ही आमच्या परीने समजावलं, मग थोडं चिडून समजावलं, आणि शेवटी ह्यांचा आवाज चढला. अम्मी काहीच बोलल्या नाहीत. त्यांनी खाकऱ्याचा तुकडा मोडला आणि खिडकीकडे तोंड करून बसल्या.

तिसऱ्या रात्री दोन वाजता लेकीने आम्हाला उठवलं. दादीला घाम फुटला होता, हात थरथरत होते. गोळी वेळेवर घेतलेली, पण पोटात चार खजूर आणि मूठभर चिवडा. साखरपाणी दिलं, अर्ध्या तासाने त्या सावरल्या. अल्हम्दुलिल्लाह, डॉक्टरकडे न्यायची वेळ आली नाही. पण आम्ही दोघं सकाळपर्यंत जागेच होतो. सहल अजून पाच दिवस बाकी होती आणि बॅगेतलं अर्धं सामान संपलं होतं.

दुसऱ्या दिवशी जुम्मा होता. हनोईत एकच मस्जिद आहे, जुन्या शहरातल्या हांग ल्युक रस्त्यावरची अल-नूर मस्जिद. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मुंबईहून आलेल्या हिंदी व्यापाऱ्यांनी ती उभी केली. व्हिएतनाममध्ये तेव्हा फ्रेंचांचं राज्य होतं आणि कापडाच्या, किराण्याच्या धंद्यासाठी आपल्याकडची माणसं तिथवर पोचली होती. आज तिथे वकिलातींतले कर्मचारी, विद्यार्थी, व्यापारी असे जगभरचे नमाजी दिसतात. ह्यांनी नमाजनंतर एका वयस्कर नमाजींना आपली अडचण सांगितली. त्यांनी अगदी साधी गोष्ट सांगितली: "इथे मासळी भरपूर आहे. मासा घ्या, भांडं आपलं ठेवा, आणि विचारायला लाजू नका."

हे ऐकून आम्हाला आमच्याच एका बुकिंगची आठवण झाली. शनिवारी सकाळी बाजाराची फेरी आणि स्वयंपाकाचा वर्ग असा कार्यक्रम आम्ही मुंबईतच ठरवून ठेवला होता. रस्सा प्रकरणानंतर तो रद्द करण्याच्याच विचारात होतो. त्याऐवजी आम्ही शिकवणाऱ्या बाईंना निरोप पाठवला, आणि या वेळी 'डुक्कर नको' एवढंच न लिहिता सगळं लिहिलं. डुकराचं मांस नको, चरबी नको, हाडांचा रस्सा नको, स्वयंपाकात दारू नको. कोंबडी किंवा इतर मांस आमच्या पद्धतीने जबह केलेलं नसेल तर तेही नको. मासा, अंडी, भाज्या, टोफू चालेल. आणि डुकरासाठी वापरलेली सुरी, पाट, कढई आम्हाला चालणार नाही. लिहिताना संकोच वाटत होता. एवढ्या अटी घालून कुणाच्या घरी जेवायला जातात का?

तासाभरात उत्तर आलं. "छान. मग आपण मासा करू. भांड्यांचं बाजारात बघू."

बाजारात

सकाळी साडेसातला डोंग शुआन बाजाराच्या दारात भेटायचं होतं. जुन्या हनोईतला हा सगळ्यात मोठा बाजार. १८८९ मध्ये बांधला गेला, १९९४ मध्ये आगीत जळाला आणि पुन्हा उभा राहिला. आत कापड आणि घाऊक माल, आणि मागच्या बाजूला व आसपासच्या गल्ल्यांमध्ये भाजी, मासळी, मांस. अल-नूर मस्जिद तिथून चालत काही मिनिटांवर. आपल्याकडे जसा झवेरी बाजार, मिर्ची गल्ली, तांबा काटा, तशा इथल्या गल्ल्या एकेका मालाच्या नावाच्या. 'हांग' म्हणजे माल. हांग ल्युक म्हणजे कंगव्यांची गल्ली, हांग बाक चांदीची, हांग थिएक कथलाची.

शिकवणाऱ्या बाई चाळिशीच्या, पायात रबरी चपला, हातात दोन टोपल्या. व्हिएतनामी भाषेत माणसाला नुसतं 'तुम्ही' म्हणत नाहीत, नात्याने हाक मारतात. मोठ्या बहिणीच्या वयाची ती 'चि', आजीच्या वयाची ती 'बा'. त्यांनी अम्मींना पाहताच दोन्ही हातांनी त्यांचा हात धरला आणि "बा" म्हणाल्या. अम्मींना वाटलं, या गुजराती बोलतायत.

बाजारात शिरताना आमच्या मनात धाकधूक होती, कारण मांसाची रांग ओलांडल्याशिवाय पुढे जाता येणार नाही असं वाटत होतं. बाईंनी दोन पावलं टाकली, थांबल्या, अम्मींकडे पाहिलं आणि काही न बोलता आम्हाला बाजूच्या गल्लीने वळवलं. आम्ही मासळीच्या भागात बाहेर पडलो.

तिथे मात्र अम्मी जाग्या झाल्या. पाण्याने भरलेल्या टबांमध्ये जिवंत मासे, टबात हवा सोडणाऱ्या नळ्या, उकिडव्या बसलेल्या कोळणी. अम्मींचं माहेर दापोलीकडचं. मासळी कशी बघायची हे त्यांना शिकवायला नको. त्यांनी खाली वाकून एका माशाचा कल्ला उघडला, बोटाने पोट दाबलं आणि मान हलवली. कोळीण हसली आणि तिने दुसरा दिला. भाषा दोघींनाही एकमेकींची येत नव्हती, पण सौदा झाला. शेजारच्या टबात बेडूक होते, त्यावर मात्र अम्मी "या अल्लाह" म्हणून दोन पावलं मागे सरल्या.

पुढे पाल्याची रांग. पुदिना, तुळशीच्या जातीचे दोन-तीन प्रकार, जांभळ्या पाठीची पेरिला, बारीक चिरून पाण्यात टाकलेलं केळफूल. हनोईत पाला हा चवीपुरता नसतो, तो टोपलीभर कच्चाच ताटात येतो. आणि मग दिसला शेपू. जुड्याच्या जुड्या! शेपूचं नाव काढलं की आमची लेक नाक मुरडते. बाईंनी चार जुड्या उचलल्या तेव्हा अम्मींनी विचारलं, "डाळ करणार का?" आम्ही भाषांतर केलं. "नाही," बाई म्हणाल्या, "मासा." अम्मींनी आमच्याकडे असं पाहिलं की जणू आम्हीच भाषांतरात चूक केली होती.

सुक्या मालाच्या दुकानात तांदळाचे पातळ कागदासारखे पापड होते. तांदळाची पेज वाफेवर पातळ पसरून बांबूच्या चटयांवर वाळवतात. आपल्या फेण्यांचीच ही लांबची बहीण. पण अम्मी थांबल्या त्या एका पोत्यापाशी. काळपट, सुरकुतलेल्या फोडी. त्यांनी एक उचलली, वास घेतला, आणि आमच्याकडे वळून म्हणाल्या, "अगं, हे आमसूल!" अगदी तेच नव्हे, पण फार लांबचंही नाही. त्याला तिथे 'ताई चुआ' म्हणतात. कोकमाच्याच कुळातलं फळ, फोडी करून वाळवतात आणि उत्तर व्हिएतनाममध्ये रस्सा आंबट करायला वापरतात. अम्मींनी पिशवीतून आपली आमसुलं काढून दुकानदारणीला दाखवली. तिने एक तोंडात टाकलं आणि डोळे मिटले. चार दिवसांत पहिल्यांदा आम्ही अम्मींना हसताना पाहिलं.

कढई

भांड्यांचा प्रश्न अजून बाकी होता. आमचं घर शाफई. डुकराचा ओला स्पर्श झालेलं भांडं सात वेळा धुवायचं, त्यातलं एकदा मातीच्या पाण्याने, असा आमच्याकडचा नियम. बाईंच्या स्वयंपाकघरात जाऊन हे सांगायचं कसं, याची चिंता आम्हाला आदल्या रात्रीपासून होती. बाईंनी ती आपणहूनच मिटवली. त्यांनी आम्हाला हांग थिएक गल्लीत नेलं. दोन्ही बाजूंना पत्र्याची कामं, हातोड्यांचा आवाज, टांगलेली पातेली. एक अ‍ॅल्युमिनियमची कढई, एक उलथणं, जवळच्याच दुकानातून सुरी आणि लाकडी पाट, असं सगळं नवं घेतलं. कढईची किंमत दुकानदाराने लाखात सांगितली तेव्हा लेकीचे डोळे विस्फारले. पण एका रुपयाला साधारण तीनशे डोंग मिळतात, हे लक्षात आल्यावर ती शांत झाली.

आम्ही बाईंची माफी मागितली, की आमच्यामुळे तुम्हाला हा सगळा त्रास. त्या चालता चालता म्हणाल्या, "त्रास कसला? माझी सासू चांद्रमासाच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी मांस-मासळी खात नाही. त्या दिवसांची तिची कढई वेगळी आहे. लग्न होऊन आले तेव्हा मी चुकून त्या कढईत अंडं तळलं होतं. वर्षभर ऐकावं लागलं!"

अम्मींना हे सांगितलं तेव्हा त्या थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "म्हणजे यांना कळतं."

आम्हाला वाटतं, त्या दिवसाची खरी शिकवणी तिथेच झाली. चार दिवस आम्ही असं धरून चाललो होतो की आपलं हलाल-हराम या लोकांना विचित्र वाटेल, हसतील, रागावतील. त्यामुळे एक तर अर्धवट विचारायचं आणि फसायचं, नाही तर विचारायचंच नाही आणि उपाशी राहायचं. पूर्ण विचारून पाहिलंच नव्हतं. बौद्ध घरांत पाळला जाणारा हा शाकाहार तिथे सगळ्यांना माहीत असतो. त्याला शब्द आहे 'चाय'. आपल्या चहासारखाच ऐकू येतो, म्हणून लेकीला त्याची फार गंमत वाटली.

चुलीपाशी

बाईंच्या घरी खालच्या मजल्यावर स्वयंपाकघर, वर राहतं घर. एका कोपऱ्यात पूर्वजांचा देव्हारा, तसा तिथे घरोघरी असतो. ओट्यावरच्या फळीवरून त्यांनी एक बाटली उचलून कपाटात ठेवली. मासळीचा वास मारायला तिथे तांदळाची दारू वापरतात. "तुमच्यासाठी आलं आणि लिंबू," त्या म्हणाल्या.

दुसरी बाटली मात्र त्यांनी समोर ठेवली. नुओक माम, म्हणजे माशांचं पाणी. व्हिएतनामी स्वयंपाकाचा हा जीव. साधारण तीन भाग बोंबलापेक्षाही बारीक मासळी आणि एक भाग मीठ लाकडी पिंपात जवळपास वर्षभर मुरवतात, आणि खाली झिरपणारं लालसर पाणी गाळून घेतात. फु क्वोक बेटाचं नुओक माम तर इतकं नावाजलेलं की २०१२ मध्ये युरोपीय संघाने त्याला भौगोलिक ओळखीचं संरक्षण दिलं. आम्ही बाटलीवरचं लेबल भाषांतर करून वाचलं. मासे आणि मीठ, बस. अम्मींनी झाकण उघडून वास घेतला. सुकटाच्या बाजारात वाढलेल्या बाईला तो वास कसला लागणार! "जवळ्याचं पाणी आहे हे," असा त्यांनी निकाल दिला.

मग झाला तो पदार्थ, ज्याच्या नावाने जुन्या हनोईतला एक अख्खा रस्ता ओळखला जातो. चा का. पूर्वी त्या रस्त्याला रंगाची गल्ली म्हणत. तिथल्या एका घराने हा मासा विकायला सुरुवात केली आणि रस्त्याचं नावच बदललं. माशाचे काटे काढलेले तुकडे हळद, कुलिंजन आणि दह्यात मुरवायचे. जुन्या पद्धतीत दह्याऐवजी आंबवलेला भात असतो, पण बऱ्याच घरांत आता दही घालतात. तुकडे तेलात परतले की वरून मूठभर नव्हे, पसाभर शेपू आणि पातीचा कांदा टाकायचा, आणि पाला मऊ पडताच ताटात.

तुकडे परतायची वेळ आली तेव्हा अम्मींनी पदर खोचला आणि उलथणं बाईंच्या हातातून घेतलं. "हळद कमी आहे," त्या म्हणाल्या. बाईंनी चव घेतली आणि हळदीचा डबा पुढे केला.

डिसेंबरात हनोईत जोहरची वेळ बाराच्या आधीच होते. आम्ही विचारलं, जरा जागा मिळेल का? बाईंनी वरच्या मजल्यावरची रिकामी खोली दाखवली. किबला तिथून पश्चिमेकडे. आम्ही नमाज पढून खाली आलो तोवर ताटं मांडली होती. तांदळाच्या पांढऱ्या शेवया, भाजलेले शेंगदाणे, पाल्याची टोपली, नुओक माममध्ये लिंबू, साखर, लसूण, मिरची घालून केलेली चटणी, आणि मधोमध नवी कढई.

अम्मींनी बिस्मिल्लाह म्हणून पहिला घास घेतला. आम्ही दोघं आपापलं ताट सोडून त्यांच्याकडे बघत होतो. त्यांनी दुसरा घास घेतला, मग तिसरा. मग म्हणाल्या, "तुम्ही जेवत का नाही?" लेकीने शेपूसकट दोनदा घेतलं. ह्यांनी अम्मींच्या ताटात माशाचा मोठा तुकडा वाढला. त्या रात्रीच्या चढ्या आवाजाबद्दल त्यांना काही बोलायचं होतं, पण बोलले नाहीत. अम्मींनीच त्यांच्या ताटात शेवया घातल्या. तेवढं पुरलं.

निघताना अम्मींनी उरलेली सगळी आमसुलं बाईंना दिली. पुढचे दिवस कढई आमच्याबरोबर फिरली. हॉटेलवाल्याने एक छोटी विजेची शेगडी दिली, आणि अम्मी सकाळी स्वतः अंडी करू लागल्या.

तुम्ही जाणार असाल तर

व्हिएतनामला आपल्या लोकांचं जाणं वाढलं आहे, म्हणून आमच्या अनुभवातल्या चार गोष्टी.

मांसाबद्दल नव्हे, रस्सा कशाचा, तेल की चरबी, दारू घालता का, हे तीन प्रश्न विचारा. तोंडी विचारू नका. व्हिएतनामी भाषेत सूर बदलला की अर्थ बदलतो. कागदावर त्यांच्या लिपीत लिहून घ्या आणि दाखवा.

'चाय'ची पाटी असलेल्या खानावळीत मांस, मासळी, चरबी नसते. तरी दारूचं तेवढं विचारून घ्यावं.

दक्षिणेत जाणार असाल तर सोय अधिक आहे. हो ची मिन्ह शहरात डोंग झू रस्त्यावर दक्षिण भारतीय मुसलमानांनी १९३५ मध्ये बांधलेली मस्जिद आहे. मेकाँगच्या खोऱ्यात चाउ डोकच्या आसपास चाम मुसलमानांच्या वस्त्या आहेत. तेही आम्हा कोकणी मुसलमानांसारखेच शाफई. गाईच्या मांसाचं त्यांचं सुकवलेलं सॉसेज, 'तुंग लो मो', तिथे प्रसिद्ध आहे.

शुगरचे रुग्ण बरोबर असतील तर गोळीइतकंच जेवणाचं नियोजन महत्त्वाचं. आमची चूक तुम्ही करू नका.

घरी करायचा असेल तर: चा का

अर्धा किलो रावस किंवा शिंगाळ्याचे बिनकाट्याचे तुकडे घ्या. त्याला एक चमचा हळद, एक चमचा किसलेलं कुलिंजन (न मिळाल्यास आलं), दोन मोठे चमचे घट्ट दही, एक मोठा चमचा नुओक माम (नसल्यास चवीपुरतं मीठ) आणि थोडं तेल चोळून तासभर ठेवा. कढईत जरा जास्त तेल तापवून तुकडे दोन्ही बाजूंनी सोनेरी परता. एक जुडी शेपू आणि तेवढीच कांद्याची पात बोटभर लांब चिरून वरून टाका, एकदाच हलवा, आच बंद करा. शेवया, शेंगदाणे, पुदिना यांबरोबर वाढा. चटणीसाठी एक भाग नुओक माम, एक भाग लिंबूरस, एक भाग साखर, चार भाग पाणी, वरून लसूण-मिरची. शुगर असेल त्यांनी साखर बेताचीच घालावी.

आमच्या घरी आता महिन्यातून एकदा तरी हा मासा होतो, त्याच हांग थिएकच्या कढईत. अम्मी दर वेळी हळद वाढवतात.